पद्मिनीचा तिल्लाना

कुंभकोणमच्या मंगल कार्यालयात मुहूर्त होऊन गेला होता. ताली म्हणजे मंगळसूत्र बांधतानाचं ते कानठळ्या बसवणारं 'गेट्टीमेळम' संपवून तविल हा ढोल वाजवणारा आणि नागस्वरवाला घाम पुसत बसले होते. पाहुणे केळीच्या पानांकडे वळत होते. तेवढ्यात कांजीवरम नेसलेल्या एक आजी वादकांपाशी गेल्या आणि काहीतरी सांगून परतल्या. नागस्वरवाल्याने पिपाणी ओठांत धरून ओली केली आणि 'नलंताना' सुरू केलं. जेवायला निघालेली माणसं थबकली. आजींच्या शेजारची सात-आठ वर्षांची नात उभ्या उभ्या हातांच्या मुद्रा करायला लागली. हेच गाणं का सांगितलंत, असं मी आजींना विचारलं. त्यांनी गीतकाराचं नाव घेतलं नाही, संगीतकाराचं घेतलं नाही, नायकाचंही नाही. "पद्मिनी!" एवढं बोलून त्या पंगतीकडे गेल्या.

'नलंताना' हे १९६८ सालच्या 'तिल्लाना मोहनांबाळ' या तमिळ चित्रपटातलं गाणं. त्यात नाचलेली पद्मिनी २४ सप्टेंबर २००६ रोजी चेन्नईत वारली. 'लोकप्रियता कशाच्या जोरावर टिकते?' हा यंदाचा विषय संपादकांनी कळवला, तेव्हा मला पहिली तीच आठवली. तमिळनाडूत नट-नट्यांच्या लोकप्रियतेला अनेक टेकू असतात. एम. जी. रामचंद्रन आणि जयललिता यांच्यामागे पक्ष उभा होता, सत्ता होती. पद्मिनीमागे यातलं काहीच नव्हतं. ऐन बहरात ती लग्न करून अमेरिकेला गेली. तरीही तमिळ माणूस तिला 'नाट्यपेरोळी' म्हणजे नृत्याची महाज्योती म्हणतो, आणि ज्यांच्या जन्माआधी तिचे मोठे चित्रपट येऊन गेले ती मुलं तिच्या गाण्यांवर शाळेच्या स्नेहसंमेलनात नाचतात. हे कसं होतं ते बघायला मी कावेरीच्या खोऱ्यात आणि चेन्नईत हिंडले.

पूजप्पुऱ्याच्या तिघी

पद्मिनी मूळची तमिळ नव्हे. तिचा जन्म १२ जून १९३२चा, त्रावणकोर संस्थानातल्या तिरुवनंतपुरमचा. पूजप्पुरा भागातलं नायर कुटुंब. थोरली ललिता, मधली पद्मिनी, धाकटी रागिणी. पुढे या तिघी 'त्रावणकोर भगिनी' म्हणून गाजल्या. कथकलीला मंदिराच्या रात्रभराच्या खेळातून काढून आटोपशीर रूपात रंगमंचावर आणणारे गुरू गोपीनाथ हे त्यांचे एक गुरू. भरतनाट्यम त्या तिरुविडैमरुदूरच्या महालिंगम पिळ्ळै यांच्याकडे शिकल्या. मुंबईकरांना हे घराणं परकं नाही. महालिंगम यांच्याच कुटुंबाने १९४५ साली माटुंग्यात श्री राजराजेश्वरी भरतनाट्य कला मंदिर सुरू केलं आणि मुंबईतल्या मुलींच्या कितीतरी पिढ्या तिथे शिकून बाहेर पडल्या.

पद्मिनी पडद्यावर आली ती उदय शंकर यांच्या 'कल्पना'तून. मद्रासच्या जेमिनी स्टुडिओत तयार झालेला हा चित्रपट १९४८ साली आला. जवळपास सगळी गोष्टच नृत्यातून सांगणारा तो चित्रपट धंद्याच्या दृष्टीने पडला. पुढे मार्टिन स्कॉर्सेसी यांच्या पुढाकाराने त्याची प्रत दुरुस्त झाली आणि २०१२ साली ती कान महोत्सवात दाखवली गेली. पण मद्रासच्या निर्मात्यांना या बहिणींची किंमत तेव्हाच कळली होती. चित्रपट कुठलाही असो, त्यात ललिता-पद्मिनीचा एक नाच घालायची पद्धतच पडली. कथेशी त्याचा संबंध असलाच पाहिजे असं नव्हतं. राजाचा दरबार भरला की नाच, राक्षसाची गुहा आली की नाच.

त्या दोन-चार मिनिटांच्या नाचातून तिला बाहेर काढलं एन. एस. कृष्णन या विनोदी नटाने. १९५१ साली त्यांनी 'मणमगळ'मध्ये तिला नायिका केलं. पुढच्याच वर्षी त्यांच्याच 'पणम'मध्ये तिच्यासमोर शिवाजी गणेशन उभा राहिला. छत्रपतींची भूमिका नाटकात गाजवल्यामुळे 'शिवाजी' हे नाव मिळालेला हा नट तेव्हा अगदी नवा होता. पुढे या दोघांनी पन्नासहून अधिक चित्रपट केले.

जेमिनीचं आवार

चेन्नईत अण्णा उड्डाणपुलाला लोक अजून जेमिनीचा पूल म्हणतात. स्टुडिओ मात्र राहिलेला नाही. त्याच्या जागेवर पार्क हॉटेल आहे. ज्या नाच-सामन्याची चर्चा तमिळ घरांत आजही संपत नाही, तो एस. एस. वासन यांच्या जेमिनीनेच काढलेला.

१९५८ सालच्या 'वंजिकोट्टै वालिबन'मध्ये दोन राजकन्यांचं एकाच नायकावर प्रेम आहे. एक वैजयंतीमाला, दुसरी पद्मिनी. दोघींची एकमेकींसमोर नृत्यात कसोटी लागते. पायऱ्या, खांब, फिरते झोत आणि दोघींमध्ये मोकळी सोडलेली लखलखीत फरशी. वैजयंतीमालाची चाल विजेची, तोडे तुटक आणि धारदार. पद्मिनी ते सगळं अंगावर घेते, क्षणभर थांबते आणि मग वजनदार पावलांनी उत्तर देते. सामना बघणारा खलनायक पी. एस. वीरप्पा खूश होऊन जी दाद देतो, ती तमिळ बोलीत म्हणीसारखी रुळली. क्रिकेटचा सामना रंगला किंवा निवडणूक अटीतटीची झाली की ती आजही हमखास कानावर येते.

मराठी वाचकाने इथे आणखी एक नाव लक्षात ठेवायला हवं. त्या सामन्याचं संगीत आपल्या सी. रामचंद्र यांचं. पुणतांब्याच्या या माणसाने दोन नर्तकींच्या पायांसाठी अशी लय बांधली की ते गाणं तमिळ लोकांनी आपलं मानलं. हिंदीत हाच चित्रपट 'राजतिलक' म्हणून आला आणि सामनाही त्यात होता.

त्या दोघींत कोण जिंकलं हा वाद मैलापूरमध्ये मी एका नृत्यशिक्षिकेपुढे काढला. समोर वीस-एक मुली अरैमंडीत, म्हणजे गुडघे बाहेर वळवून अर्ध्या बैठकीत उभ्या होत्या आणि बाई तट्टुकळी नावाच्या लाकडी दांडूने पाटावर ताल देत होत्या. त्या म्हणाल्या, "वैजयंतीला बघून मुली माझ्याकडे नाव घालतात. पद्मिनीला बघून टिकतात. पद्मिनीचे श्रम दिसतात हो. घाम दिसतो. आपल्यालाही मेहनतीने जमेल असं वाटतं."

माझ्या मते पद्मिनीच्या लोकप्रियतेची किल्ली याच बोलण्यात आहे. ती नाचाला काम म्हणून समोर ठेवते. ते शिकावं लागतं, त्यावर पोट चालतं आणि त्याचा मान राखण्यासाठी भांडावं लागतं.

मोहनांबाळ कोण होती?

'तिल्लाना मोहनांबाळ' आधी कादंबरी होती. कोत्तमंगलम सुब्बू यांनी 'कलैमणि' या टोपणनावाने ती १९५०च्या दशकात 'आनंद विकटन' साप्ताहिकात क्रमशः लिहिली आणि गोपुलू यांनी तिची चित्रं काढली. घरोघरी वाचून झालेली ही गोष्ट ए. पी. नागराजन यांनी पडद्यावर आणली. शिक्कलचा षण्मुगसुंदरम हा मानी नागस्वरवादक. तिरुवारूरची मोहनांबाळ ही तितकीच मानी नर्तकी. त्याचं वादन आणि तिचं नृत्य यांत श्रेष्ठ काय, यावरून ठिणगी पडते आणि त्या भांडणातच दोघांचं प्रेम जुळतं. मोहनाच्या आईला लेकीसाठी धनिक आश्रयदाता हवा आहे. मोहनाला तो नको आहे.

या 'नको'मागे मोठा इतिहास आहे. मंदिरात आणि दरबारात नाचणाऱ्या देवदासी, त्यांना शिकवणारे नट्टुवनार, देवळात वाजवणारे नागस्वर आणि तविलवाले हे सगळे मिळून एक समाज होता. आज तो इसै वेळ्ळाळर म्हणून ओळखला जातो. देवाला मुली वाहण्याची प्रथा थांबावी म्हणून डॉ. मुत्तुलक्ष्मी रेड्डी यांनी मोठा लढा दिला आणि १९४७ साली मद्रास प्रांतात तिला बंदी करणारा कायदा झाला. मुंबई इलाख्यात असा कायदा १९३४ सालीच झाला होता. त्याच सुमारास रुक्मिणीदेवी अरुंडेल यांच्या कलाक्षेत्रासारख्या संस्थांतून वरच्या थरातल्या घरांच्या मुली हेच नृत्य शिकू लागल्या. शोषण थांबणं गरजेचं होतं, त्याबद्दल दुमत नाही. मात्र ज्या बायकांनी हे नृत्य पिढ्यान्‌पिढ्या सांभाळलं होतं, त्यांच्या हातून ते निसटलं. त्यांच्यातल्या पुरुषांना गुरू म्हणून मान मिळाला. बायकांपैकी बालसरस्वतींसारखी एखादीच मंचावर उरली.

मोहनांबाळ याच समाजातली मुलगी. तिची भूमिका करणारी पद्मिनी त्या समाजातली नव्हती. हा काटा आहे आणि तो दडवून तिचं कौतुक करू नये. तरीही त्या काळात नर्तकीच्या बाजूने बोलणारं पात्र लाखो लोकांसमोर आलं ते याच चित्रपटातून. आमच्या कलेला दाद द्या, आमच्यावर मालकी सांगू नका, हे मोहना संपूर्ण चित्रपटभर वागून दाखवते. सभागृहाचं तिकीट ज्याला परवडत नव्हतं तो तंबूतल्या टूरिंग टॉकीजमध्ये जमिनीवर बसून हे बघत होता. आपल्याकडे 'सांगत्ये ऐका'मध्ये जयश्री गडकर फडावर उभी राहिली तेव्हा जे झालं, त्याच जातीची ही घटना होती.

खांबाआडचे डोळे

या चित्रपटातला एक प्रसंग मी पुन्हा पुन्हा पाहिला. देवळात मोहनाचं नृत्य आहे. आदल्या भांडणामुळे षण्मुगसुंदरम उघडपणे येऊ शकत नाही. तो साथीदारांसकट खांबांआड दडून बघतो. मोहनाला ते कळतं. 'मरैंदिरुंदु' हे गाणं षण्मुखप्रिया रागात सुरू होतं, पी. सुशीला यांच्या आवाजात. वरवर पाहता ती मुरुगन देवाला आळवते आहे. देवळातल्या भक्तांसाठी ती भक्ती आहे. खांबाआडच्या माणसासाठी तो सरळ जाब आहे.

इथे पद्मिनीचं अभिनयाचं शिक्षण दिसतं. मान देवाकडे वळलेली असताना बुबुळं क्षणभर खांबाकडे सरकतात आणि परत येतात. ओठांवर हसू येतं, पण भुवई ताणलेलीच राहते. हाताची मुद्रा भक्ताची, नजर मात्र तक्रार करणाऱ्या मैत्रिणीची. पाय एकदाही लय सोडत नाहीत. एकाच वेळी दोन प्रेक्षकांसाठी दोन अर्थ नाचणं ही भरतनाट्यमची जुनी हातोटी आहे. तिच्यावर विद्वानांनी पानंच्या पानं लिहिली आहेत. पद्मिनीने ती अक्षरओळख नसलेल्या माणसालाही समजेल अशी करून दाखवली.

'नलंताना' याहूनही अवघड आहे. चुरशीच्या कार्यक्रमात षण्मुगसुंदरमवर विषारी सुऱ्याचा वार झालेला असतो. त्यातून तो उठतो आणि दोघं पुन्हा एकत्र कला सादर करतात. कसा आहेस, असं चारचौघांत विचारायची तिला सोय नाही. तेव्हा ते ती नृत्यातूनच विचारते आणि तो नागस्वरातून उत्तर देतो. पद्मिनी तेव्हा छत्तीस वर्षांची होती, एका मुलाची आई होती. देह पहिल्यासारखा सडपातळ राहिला नव्हता. कॅमेरा काही लपवत नाही आणि तीही लपवत नाही. डोळ्यांत पाणी उभं राहतं आणि ते ओघळण्याच्या आत ती समेवर येते. कुंभकोणमच्या आजी यासाठीच ते गाणं मागत असणार.

आच्चाचं लाकूड

कुंभकोणमहून मयिलाडुतुरैला जाताना वाटेत नरसिंगमपेट्टै लागतं. नागस्वर बनवणारी मोजकी घरं इथे आहेत. या गावच्या नागस्वराला भौगोलिक मानांकनही मिळालं आहे. वाद्याची नळी आच्चा या झाडाच्या लाकडाची. आपण ज्याला अंजन म्हणतो तेच हे झाड. ताजं लाकूड चालत नाही. पाडलेल्या जुन्या घरांच्या तुळया आणि खांब विकत घेतात, कारण वर्षानुवर्षं मुरलेलं लाकूडच तडकत नाही. कारागीर ते हाताने फिरवायच्या चरकावर चढवतो आणि लोखंडी गजाने आरपार पोखरतो. बोटांसाठी सात भोकं. खाली आणखी काही भोकं असतात, ती मेणाने कमी-जास्त बुजवून स्वर जुळवतात. तोंडाशी लव्हाळ्याची पिपाणी, तिला सीवळी म्हणतात.

एका कारागिराला मी पद्मिनीबद्दल विचारलं. तो हसला आणि म्हणाला, "त्या चित्रपटानंतर आमच्या वाजवणाऱ्यांना लग्नात खुर्ची मिळाली. आधी बाहेर ओट्यावर बसायचे." त्याच्या बोलण्यात थोडी अतिशयोक्ती असेलही. पण नागस्वरवादकाचा स्वाभिमान हाच त्या चित्रपटाचा विषय होता, यात शंका नाही. देवळात वाजवत असताना आतषबाजी सुरू झाली म्हणून षण्मुगसुंदरम वाद्य खाली ठेवतो, तिथूनच गोष्ट सुरू होते. पडद्यावर बोटं शिवाजीची फिरतात, पण सूर मदुरैच्या एम. पी. एन. सेतुरामन आणि पोन्नुसामी या बंधूंचे आहेत. संगीत के. व्ही. महादेवन यांचं. बालैया या नटाने तविलवाल्याचं काम केलं आहे. तविलवाला एका हातात काठी धरतो आणि दुसऱ्या हाताच्या बोटांवर कडक टोपणं चढवतो. नर्तकीचं नाव झालं तरी तिच्या मागे किती हात राबतात, हे या चित्रपटाने विसरू दिलं नाही. तमिळ भाषेतला सर्वोत्कृष्ट चित्रपट म्हणून त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

हिंदीतली आणि तमिळमधली

महाराष्ट्रात पद्मिनी म्हटलं की आधी कोल्हापुरे आठवते. मग कुणाला 'जिस देश में गंगा बहती है'मधली कम्मो आठवते, कुणाला 'मेरा नाम जोकर'. राज कपूरने तिच्या देखणेपणाचा पुरेपूर वापर केला. नृत्याला तिथे दुय्यम जागा मिळाली. त्याआधी ती वासन यांच्या 'मिस्टर संपत'मध्ये मोतीलालबरोबर आणि ख्वाजा अहमद अब्बास यांच्या भारत-सोव्हिएत 'परदेसी'मध्येही झळकली होती. 'परदेसी' ही अफानासी निकितिन या रशियन प्रवाशाची गोष्ट, जो पंधराव्या शतकात आपल्या चौलच्या किनाऱ्यावर उतरला. 'काजल'साठी तिला सहायक अभिनेत्रीचा फिल्मफेअर पुरस्कारही मिळाला.

तमिळ प्रेक्षकाला मात्र तिची संपूर्ण वाटचाल पाहायला मिळाली. 'संपूर्ण रामायणम'मधली सीता, 'मदुरै वीरन'मधली नर्तकी वेळ्ळैयम्माळ, 'तिल्लाना'मधली मोहना. त्यानंतर दोनच वर्षांनी, १९७०च्या 'व्हिएतनाम वीडु'मध्ये निवृत्त, हट्टी नवऱ्याला सांभाळून घेणारी पिकल्या केसांची सावित्री. नायिकेने म्हातारं दिसायला घाबरायचं असतं, हा नियम तिने कधी मानला नाही. प्रेक्षकांचं वय वाढत गेलं तसतशी तीही त्यांच्यासोबत वाढत गेली.

१९६१ साली अमेरिकेतले डॉक्टर के. टी. रामचंद्रन यांच्याशी तिचं लग्न झालं. तरी 'तिल्लाना'सारखी तिची मोठी कामं त्यानंतरची आहेत. १९७७ साली तिने न्यू जर्सीत नृत्यशाळा काढली. परदेशात वाढणाऱ्या भारतीय मुलींना रविवारी सकाळी भरतनाट्यमच्या वर्गाला नेऊन सोडणं आज मराठी घरांतही नवं राहिलेलं नाही. पद्मिनीने हे काम तिथे फार लवकर सुरू केलं.

मग ती परतली ती आजी होऊन. फाझिल यांच्या १९८४ सालच्या मल्याळम चित्रपटात आणि पुढच्या वर्षीच्या त्याच्याच तमिळ अवतारात, 'पूवे पूचूडवा'मध्ये ती एकाकी, तुसडी म्हातारी आहे. दोन्हींत तिची नात झाली मुंबईत वाढलेली नदिया मोयदू. गल्लीतली पोरं उगाच घंटी वाजवून पळतात म्हणून आजीने दाराची घंटी काढून टाकलेली असते. नात आजारी होऊन दूर जाते, तेव्हा ती परत येईल या आशेने आजी पुन्हा घंटी बसवते. या चित्रपटात तिला ना नाच आहे, ना घुंगरू. तरी दाराकडे लागलेल्या त्या नजरेत मोहनाच्या अभिनयाची शिस्त दिसते. ऐंशीच्या दशकात जन्मलेल्यांना पद्मिनी आधी आजी म्हणून भेटली, आणि तिच्या जुन्या नृत्यांकडे ते नंतर वळले. लोकप्रियता पुढच्या पिढीकडे जाते ती बहुधा अशाच वाटेने.

तंजावरचं नातं

तंजावरच्या सरस्वती महाल ग्रंथालयात मराठी हस्तलिखितं पाहताना एक धागा हाती लागला. सरफोजी राजे दुसरे यांच्या दरबारात चिन्नय्या, पोन्नय्या, शिवानंदम आणि वडिवेलू हे चार भाऊ होते. अलारिप्पू, जतिस्वरम, शब्दम, वर्णम, पदम आणि शेवटी तिल्लाना, हा भरतनाट्यमच्या मैफलीचा आजचा क्रम या भावांनी घालून दिला. नाचत-गात सादर करायची 'देवेंद्र कुरवंजी' सरफोजी राजांनी मराठीत रचली. १८८० साली तंजावरची राजकन्या बडोद्याच्या सयाजीराव गायकवाडांची राणी झाली, तेव्हा तिच्याबरोबर नर्तकीही बडोद्याला गेल्या. चौघांतला वडिवेलू पुढे त्रावणकोरला स्वाती तिरुनाळ यांच्या आश्रयाला गेला. शंभर-एक वर्षांनी त्याच त्रावणकोरमधून एक मुलगी तमिळ देशी आली आणि तिने तिल्लाना घराघरात नेला. या परंपरेला मराठी राजाश्रयाचाही हातभार लागला आहे, हे आपण क्वचितच सांगतो.

म्हणून या दिवाळीच्या सुट्टीत 'तिल्लाना मोहनांबाळ' बघा. गाण्याचे तुकडे न बघता सलग बघा, घरातल्या मुलींबरोबर बघा. भाषा आली नाही तरी अडणार नाही. पद्मिनीचे डोळे बघा, पाय बघा, आणि तिच्या मागे बसलेल्या वादकांकडेही लक्ष असू द्या. मग ज्यांच्या घरातून हे नृत्य आलं आणि ज्यांची नावं पडद्यावर लागली नाहीत, त्या बायकांबद्दल मुलींना सांगा. पद्मिनीची लोकप्रियता टिकली, कारण तिने त्यांची विद्या प्रामाणिकपणे सर्वांपर्यंत पोहोचवली. त्या विद्येचं श्रेय त्या बायकांना देणं हे आता आपलं काम आहे.